कुर्डुवाडी जंक्शन : बार्शीच्या कापसापासून लातूरच्या पाण्यापर्यंत

कुर्डुवाडी : पुण्याहून सोलापूरकडे जाणाऱ्या गाडीत बसलं की दौंड, भिगवण, जेऊर, केम अशी स्टेशनं मागं पडतात आणि मग कुर्डुवाडी येतं. मुंबई-चेन्नई मार्गावर असं मधलं स्टेशन म्हणून बघितलं तर कुर्डुवाडीचं वेगळेपण पटकन लक्षात येत नाही. पण फलाटावर उभं राहून गाड्यांच्या पाट्या वाचल्या की कळतं. एक गाडी मुंबईची, एक लातूरची, एक पंढरपूरवरून मिरजेला जाणारी, तर एक कोल्हापूरहून निघून नागपूर गाठणारी. पश्चिम महाराष्ट्र आणि मराठवाडा यांना जोडणारे रूळ इथं एकत्र येतात. माढा, बार्शी, करमाळा, परंडा, भूम या तालुक्यांतल्या माणसाला लांबचा प्रवास करायचा झाला की पहिलं नाव निघतं ते याच स्टेशनचं.

हे जंक्शन झालं कसं, छोटी गाडी गेली आणि मोठी आली तेव्हा काय बदललं, आज इथं काय मिळतं आणि गाड्यांचे थांबे नेमके कशावर ठरतात, याची ही सविस्तर माहिती.

आधी नाव होतं 'बार्शी रोड'

बोरीबंदर ते ठाणे ही पहिली गाडी १८५३ साली धावली. त्यानंतर सहाच वर्षांत, म्हणजे १८५९ मध्ये, ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वे कंपनीचे रूळ आजच्या कुर्डुवाडीपर्यंत पोहोचले. पुढच्या वर्षी, १८६० मध्ये, गाडी मोहोळ आणि सोलापूरला गेली. कंपनीला हा मार्ग दक्षिणेत रायचूरपर्यंत न्यायचा होता. तिथं मद्रासकडून येणारी लाईन मिळणार होती आणि १८७१ मध्ये ती मिळालीही. त्यामुळं रूळ टाकताना पुणे ते सोलापूर ते रायचूर ही दिशा धरली गेली. वाटेतलं कुठलं गाव किती मोठं, कुणाचा बाजार किती, याला दुसरा नंबर.

यात एक मोठी पेठ बाजूला पडली. ती म्हणजे बार्शी.

'बार्शी तिथे सरशी' ही म्हण उगीच पडलेली नाही. बार्शी इंग्रजांच्या मुलखात होती, पण तिच्या भोवतीनं निजामाची हद्द होती. मराठवाड्यातला कापूस, ज्वारी, करडई, जवस असा माल बार्शीच्या पेठेत उतरायचा आणि तिथून मुंबईकडे जायचा. एवढी मोठी पेठ रेल्वेपासून सुमारे ३५ किलोमीटर लांब राहिली. म्हणून मग कुर्डू गावाच्या वाडीजवळ जे स्टेशन झालं, त्याला नाव दिलं 'बार्शी रोड'.

रेल्वेच्या जुन्या नावांत 'रोड' हा शब्द बऱ्याच ठिकाणी दिसतो. लातूर रोड, जत रोड ही आपल्याकडची उदाहरणं. त्याचा अर्थ सरळ आहे. गाव इथं नाही, गावाकडं जाणारा रस्ता इथून फुटतो. म्हणजे कुर्डुवाडीच्या स्टेशनचं पहिलं नावच दुसऱ्या गावावरून होतं.

पुढची जवळपास ३८ वर्षं बार्शीचा माल बैलगाड्यांनी या स्टेशनवर येत राहिला. काळ्या रानातून जाणारी वाट, पावसाळ्यात चिखल, एका खेपेला दिवस मोडणार. कापसाचा भाव मुंबईत ठरायचा आणि माल मात्र बैलाच्या पावलानं यायचा. ही अडचण ओळखून पुढं जे केलं गेलं, त्यातून कुर्डुवाडी जंक्शन जन्माला आलं.

इंग्रज इंजिनिअर आणि अडीच फुटी रूळ

एव्हरार्ड कॅलथ्रॉप हा इंग्रज इंजिनिअर १८८० च्या दशकात ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वेत नोकरीला होता. मोठी लाईन जिथं परवडत नाही तिथं छोटी लाईन टाकावी, असं त्याचं मत होतं. बार्शीसाठी त्यानं तशी योजना मांडली. सरकारी परवानग्या मिळवण्यात आणि भांडवल जमवण्यात बरीच वर्षं गेली. अखेर १८९५ मध्ये लंडनमध्ये बार्शी लाईट रेल्वे कंपनी स्थापन झाली आणि १८९७ मध्ये बार्शी रोड ते बार्शी ही २१ मैलांची लाईन सुरू झाली.

आजही या भागातली जुनी माणसं तिला 'बार्शी लाईट' म्हणतात. हा 'लाईट' दिव्यातला नव्हे, हलकेपणातला.

मोठ्या लाईनच्या दोन रुळांतलं अंतर १६७६ मिलिमीटर, म्हणजे साडेपाच फूट. बार्शी लाईटच्या रुळांतलं अंतर ७६२ मिलिमीटर, म्हणजे अडीच फूट. पण कॅलथ्रॉपची खरी हुशारी रुंदीत नव्हती, वजनाच्या हिशेबात होती. त्यानं नियम केला की इंजिन असो वा डबा, चाकांच्या कुठल्याही एका आसावर पाच टनांपेक्षा जास्त भार येता कामा नये. बैलगाडीत सगळं ओझं एका बाजूला भरलं तर गाडी उलटते, सारखं पसरलं तर त्याच गाडीत जास्त माल बसतो. तसाच हा प्रकार. भार सारखा पसरला की रूळ हलके चालतात, पूल हलके चालतात आणि खर्च आटोक्यात राहतो. इंजिन जड लागतं म्हणून त्याला जास्त आस द्यायचे, म्हणजे प्रत्येक आसावरचा भार पुन्हा तेवढाच.

ही इंजिनं इंग्लंडमधल्या लीड्सच्या किटसन कंपनीनं बनवली. गाड्या भारतात पाठवण्याआधी तिथंच तात्पुरते रूळ टाकून त्यांच्या चाचण्या झाल्या. छोट्या रुळांवर एवढा माल वाहता येतो हे बघून इतर ठिकाणच्या इंजिनिअरांनीही त्याची दखल घेतली. कॅलथ्रॉपनं पुढं १९०४ मध्ये इंग्लंडमध्येही अशीच एक छोटी लाईन उभी केली. नंतरच्या काळात विमानातून उडी मारण्यासाठीचं पॅराशूट बनवणारा माणूस म्हणूनही त्याचं नाव झालं. बार्शीच्या कापसापायी सुरू झालेल्या प्रयोगाची एवढी लांबवर ओळख झाली, हे आपल्याकडं फारसं कुणाला ठाऊक नाही.

एक लाईन, तीन टप्पे, ३२५ किलोमीटर

बार्शीपर्यंतची लाईन चालली, तशी ती दोन्ही बाजूंना वाढत गेली.

– १९०६ मध्ये बार्शीच्या पुढं तडवळ्यापर्यंत आणि दुसऱ्या बाजूला कुर्डुवाडीहून पंढरपूरपर्यंत रूळ गेले.
– १९११ मध्ये तडवळ्याहून लाईन लातूरला पोहोचली.
– १९२७ मध्ये पंढरपूरहून सांगोला, जत रोड, कवठेमहांकाळ करत मिरजेपर्यंत लाईन पूर्ण झाली.

लातूरपासून मिरजेपर्यंत एकूण २०२ मैल, म्हणजे सुमारे ३२५ किलोमीटर. मधोमध कुर्डुवाडी. छोट्या लाईनची ही साखळी कंपनीच्या मालकीची होती आणि स्वातंत्र्यानंतरही काही वर्षं तशीच राहिली. १ जानेवारी १९५४ ला भारत सरकारनं ती ताब्यात घेतली आणि ती मध्य रेल्वेचा भाग झाली. १९६६ मध्ये दक्षिण मध्य रेल्वे हा नवा विभाग निघाला तेव्हा सोलापूर विभाग तिकडं गेला आणि १९७७ मध्ये परत मध्य रेल्वेत आला. आज कुर्डुवाडी मध्य रेल्वेच्या सोलापूर विभागात येतं.

लातूरला रेल्वे आली तशी तिथली बाजारपेठ वाढत गेली. निजामाच्या मुलखातल्या या गावाला मुंबईच्या बाजाराची वाट बार्शी लाईटनं दाखवली. पंढरपूरचं तर विचारायलाच नको. आषाढी, कार्तिकी, माघी आणि चैत्री या चारही वाऱ्यांना छोटी गाडी माणसांनी ओसंडून वाहायची. जाताना दिंडीबरोबर पायी, येताना गाडीनं, हा अनेक घरांचा रिवाज. आत जागा नाही म्हटल्यावर माणसं टपावर बसत. गाडीचा वेग असा की वळणावर उतरायचं आणि पळत जाऊन पुन्हा पुढचा डबा पकडायचा, असे किस्से गावोगावी सांगितले जातात.

जंक्शननं गाव कसं उभं केलं

दोन वेगळ्या मापांच्या लाईन एका ठिकाणी आल्या की तिथं एक काम आपोआप तयार होतं. मोठ्या गाडीचा डबा छोट्या रुळांवर जात नाही आणि छोटीचा मोठ्यावर येत नाही. म्हणजे लातूर-बार्शीहून आलेली प्रत्येक गाठ, प्रत्येक पोतं कुर्डुवाडीत उतरवायचं आणि दुसऱ्या वाघिणीत चढवायचं. माणसांचंही तेच. मुंबई-पुण्याहून पंढरपूरला निघालेला वारकरी इथं उतरणार, छोट्या गाडीची वाट बघणार, चहा पिणार, रात्र झाली तर इथंच वळकटी टाकणार.

या उतरण्या-चढण्यावर गावाचं पोट चालायचं. हमाल, टांगेवाले, खानावळी, चहाच्या टपऱ्या, धर्मशाळा. शिवाय छोट्या गाडीची इंजिनं आणि डबे दुरुस्त करायला कुर्डुवाडीत रेल्वेचा कारखाना उभा राहिला. कारखान्याचा भोंगा, रेल्वेच्या चाळी, बदलीवर आलेली वेगवेगळ्या प्रांतांतली कुटुंबं यांमुळं कुर्डुवाडीला रेल्वेगावाचं रूप आलं. तालुक्याचं ठिकाण माढा असलं तरी वर्दळ कुर्डुवाडीत, असं चित्र तयार झालं ते यामुळंच. छोटी लाईन गेल्यावरही या कारखान्याचं नॅरोगेजशी असलेलं नातं तुटलं नाही. नेरळ-माथेरानच्या मिनी ट्रेनच्या डब्यांची कामं इथं झाली आहेत.

मोठ्या लाईननंही या काळात एक बदल पाहिला. उजनी धरणाचं पाणी साठलं तेव्हा भीमेच्या काठचा जुना रेल्वेमार्ग हलवावा लागला. इंदापूर आणि करमाळा तालुक्यांना जोडणारा डिकसळचा दगडी पूल त्या जुन्या मार्गावरचा. ज्या पुलावरून एकेकाळी मुंबई-मद्रास गाड्या गेल्या, त्यावरून नंतर दुचाक्या आणि उसाच्या गाड्या जाऊ लागल्या.

छोटी गेली, मोठी आली

१९९२ पासून रेल्वेनं देशभरातल्या छोट्या लाईन मोठ्या करण्याचं धोरण घेतलं. मिरज-कुर्डुवाडी-लातूर लाईनचाही त्यात नंबर लागला. सगळं एकदम झालं नाही. आधी कुर्डुवाडी-पंढरपूर हा तुकडा मोठा झाला. मग सप्टेंबर २००७ मध्ये लातूर ते उस्मानाबाद, म्हणजे आजचं धाराशिव, आणि ऑक्टोबर २००८ मध्ये उस्मानाबाद ते कुर्डुवाडी. त्यानंतर पंढरपूर-मिरज मार्गाचं काम पुरं झालं आणि सबंध लाईन मोठी झाली.

यात उस्मानाबादचा फायदा मोठा होता. जुनी छोटी लाईन जिल्ह्याच्या या मुख्य गावाला न शिवता येडशीवरून पुढं जायची. मोठी लाईन टाकताना मार्ग बदलला आणि जिल्ह्याचं ठिकाण रेल्वेच्या नकाशावर आलं.

कुर्डुवाडीच्या बाबतीत मात्र हिशेब दोन्ही बाजूंनी मांडावा लागतो. मुंबईहून लातूरला जाणारा माणूस आता इथं उतरत नाही, गाडी सरळ जाते. माल एका वाघिणीतून दुसरीत भरायचं कारण उरलं नाही. ज्या अडचणीवर गावाचा धंदा उभा होता, ती अडचणच संपली. पण त्याच वेळी कुर्डुवाडीच्या माणसाला घराजवळून थेट लातूर, परळी, परभणी, हैदराबाद, बिदर, कोल्हापूर, नागपूर अशा दिशा मोकळ्या झाल्या. गाव 'बदलायचं स्टेशन' होतं, ते 'चढायचं स्टेशन' झालं.

ज्या दिवशी या रुळांवरून पाणी गेलं

मोठ्या लाईनचं मोल काय, ते २०१६ च्या उन्हाळ्यात सगळ्यांना कळलं. लातूर शहराचा पाणीपुरवठा तुटला होता. मांजरा धरण कोरडं पडलं होतं आणि नळाला पाणी यायला आठवडे लागत होते. पाण्याच्या टाक्यांवर भांडणं नकोत म्हणून जमावबंदीचा हुकूम काढण्याची वेळ आली. तेव्हा मिरजेहून कृष्णेचं पाणी रेल्वेनं लातूरला न्यायचं ठरलं.

राजस्थानातल्या कोटा इथं रेल्वेच्या टाकी वाघिणी वाफेनं धुऊन स्वच्छ केल्या गेल्या. ११ एप्रिल २०१६ ला पहिली गाडी मिरजेहून सुटली. दहा वाघिणी, सुमारे पाच लाख लिटर पाणी, ३४२ किलोमीटरचा प्रवास. मार्ग होता मिरज, पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी, उस्मानाबाद आणि लातूर. दुसऱ्या दिवशी पहाटे ती लातूरला पोहोचली. काही दिवसांत ५० वाघिणींची गाडी सुरू झाली आणि एका खेपेत २५ लाख लिटर पाणी जाऊ लागलं. या गाडीला 'जलदूत' म्हणत.

हा मार्ग जवळपास सगळा जुन्या बार्शी लाईटचाच आहे. आता साधा हिशेब करून बघा. एका वाघिणीत पन्नास हजार लिटर, म्हणजे पाण्याचंच वजन पन्नास टन. कॅलथ्रॉपच्या मूळ नियमाप्रमाणं एका आसावर पाच टन, चार आसांची वाघीण धरली तर डबा आणि माल मिळून जास्तीत जास्त वीस टन. म्हणजे ती छोटी लाईन तशीच राहिली असती तर मिरजेत भरलेली ही टाकी लातूरच्या रुळांवर चढलीच नसती. पाणी वाटेत कुठं तरी उतरवून पुन्हा भरावं लागलं असतं. मार्ग मोठा झाल्यापासून फार वर्षं झालेली नव्हती, आणि तेवढ्यात त्याच्यावर एका शहराची तहान भागवायची वेळ आली.

या लाईनवरचं दुसरं लक्षात राहण्यासारखं काम शेतमालाचं. २८ डिसेंबर २०२० ला देशातली शंभरावी किसान रेल सुटली ती सांगोल्याहून, थेट पश्चिम बंगालमधल्या शालिमारला. सांगोल्याचं डाळिंब महाराष्ट्राबाहेर नावाजलेलं आहेच. त्या गाडीत डाळिंबाबरोबर द्राक्षं, केळी, सीताफळ, ढोबळी मिरची, कोबी, शेवगा, कांदा असा माल चढवण्याची सोय होती. फळं आणि भाजीपाल्याच्या भाड्यात तेव्हा निम्मी सवलत मिळत होती. कापसासाठी आलेली रेल्वे शंभर वर्षांनी फळं आणि भाजी घेऊन निघाली.

आज कुर्डुवाडीतून काय मिळतं

मुख्य लाईनवर पुणे-मुंबईकडं जाण्यासाठी या भागातल्या लोकांच्या तोंडात बसलेली नावं म्हणजे हुतात्मा एक्सप्रेस, इंद्रायणी एक्सप्रेस आणि रात्रीची सिद्धेश्वर एक्सप्रेस. १० फेब्रुवारी २०२३ पासून मुंबई-सोलापूर वंदे भारत एक्सप्रेस सुरू झाली आणि तिला कुर्डुवाडीत थांबा मिळाला. पहाटे सोलापूरहून निघणारी ही गाडी दुपारी मुंबईत पोहोचवते आणि दुपारनंतर मुंबईहून निघून रात्री परत आणते. मुंबईत डॉक्टरला दाखवायचं असेल, मंत्रालयात काम असेल, तर या गाडीचा उपयोग होतो. तिकीट मात्र जनरलच्या मानानं बरंच महाग, त्यामुळं रोजच्या माणसाची गाडी अजून हुतात्मा आणि सिद्धेश्वरच.

आडव्या लाईनवर मुंबई-लातूर, मुंबई-बिदर, कोल्हापूर-नागपूर अशा गाड्या कुर्डुवाडीवरून जातात. यातल्या काही रोज नाहीत, आठवड्यातल्या ठरावीक दिवशीच असतात. म्हणून स्टेशनवर जाण्याआधी वार बघून घ्यावा. आषाढी-कार्तिकीला विदर्भ, खान्देश, मराठवाड्यातून पंढरपूरसाठी आणि कुर्डुवाडी-मिरज मार्गावर जादा गाड्या सोडल्या जातात.

प्रवाशांच्या रोजच्या कामाच्या काही गोष्टी :

– जनरल तिकीट १९९ किलोमीटरपर्यंतचं असेल तर ते काढल्यापासून तीन तासांत किंवा त्यानंतर सुटणाऱ्या पहिल्या गाडीनं प्रवास सुरू करावा लागतो. कुर्डुवाडी-पुणे हे अंतर यातच बसतं. सकाळी काढलेलं तिकीट संध्याकाळच्या गाडीला चालेल असं समजू नये.
– जनरल तिकीट मोबाईलवरूनही काढता येतं. खिडकीवरची रांग टळते.
– आरक्षण आता प्रवासाच्या ६० दिवस आधी उघडतं. आधी ही मुदत १२० दिवस होती, नोव्हेंबर २०२४ पासून ती कमी झाली.
– तत्काळ तिकीट आदल्या दिवशी मिळतं. एसीसाठी सकाळी १० पासून, स्लीपरसाठी ११ पासून. जुलै २०२५ पासून ऑनलाईन तत्काळसाठी खातं आधारशी जोडलेलं लागतं.
– ज्येष्ठांना तिकिटातली सवलत मार्च २०२० पासून बंद आहे. पण ६० वर्षांवरचे पुरुष आणि ४५ वर्षांवरच्या स्त्रिया यांच्यासाठी खालच्या बर्थचा वेगळा कोटा आहे. आरक्षणाचा अर्ज भरताना वय नीट लिहावं.
– पॅसेंजर गाड्यांचं कमीत कमी तिकीट कोरोनाच्या काळात ३० रुपये झालं होतं, ते फेब्रुवारी २०२४ मध्ये पुन्हा १० रुपयांवर आलं.
– गाडीत पाणी नाही, डबा घाण आहे, कुणी त्रास देतंय, तब्येत बिघडली, काहीही असलं तरी नंबर एकच, १३९.

थांबा मिळतो कसा आणि जातो कसा?

ग्रामीण भागात रेल्वेबद्दलची सगळ्यात मोठी मागणी असते ती थांब्याची. 'गाडी आपल्या दारावरून जाते, पण थांबत नाही' हे वाक्य केम, जेऊर, माढा, मोहोळ, बार्शी, कुठंही ऐकायला मिळतं. कोरोनात बंद झालेले काही थांबे परत मिळावेत यासाठी लहान स्टेशनांवरची निवेदनं वर्षानुवर्षं चालू आहेत. यामागची पद्धत समजून घेतली तर मागणी नेमकी करता येते.

धावती गाडी थांबवायची म्हणजे वेग कमी करणं, उभं राहणं आणि पुन्हा वेग घेणं. यात इंधन किंवा वीज लागते, मागच्या गाड्यांचा वेळ जातो. हा खर्च त्या स्टेशनवरून त्या गाडीच्या किती तिकिटांतून निघतो, हे रेल्वे बघते. म्हणून नवा थांबा बऱ्याच वेळा आधी 'प्रायोगिक' म्हणून दिला जातो, साधारण सहा महिन्यांसाठी. त्या काळात तिकीटविक्री किती झाली ते तपासून थांबा ठेवायचा की काढायचा हे ठरतं.

इथंच अनेकांची नकळत चूक होते. गाडीत चढायचं कुर्डुवाडीला, पण जागा लवकर मिळावी म्हणून तिकीट काढायचं सोलापूर किंवा त्याच्याही मागच्या स्टेशनपासून. परतीचं तिकीटही पुढच्या मोठ्या स्टेशनपर्यंतचं. प्रवासी खरा कुर्डुवाडीचा असतो, पण कागदावर तो दुसऱ्या स्टेशनच्या खात्यात जमा होतो. विनातिकीट जाणारा तर कुणाच्याच खात्यात नसतो. वर्षाअखेरीला आकडे काढले की या स्टेशनवरून गाडीला माणसंच नाहीत असं दिसतं आणि निवेदन घेऊन गेलेल्या शिष्टमंडळाला तोच कागद दाखवला जातो. जो थांबा टिकावा असं वाटतं, त्या स्टेशनच्या नावानं तिकीट निघालं पाहिजे. हे शंभर सह्यांच्या निवेदनाइतकंच महत्त्वाचं आहे.

मागणी करताना गाडीचं नाव आणि नंबर, किती गावांना फायदा, शाळा-कॉलेज, दवाखाना, बाजार समिती यांच्या वेळा आणि सध्या लोक कुठं जाऊन ती गाडी पकडतात, एवढं लिहून दिलं तर विभागीय कार्यालयात त्याचा विचार करणं सोपं जातं. 'सर्व गाड्यांना थांबा द्या' अशी मोघम मागणी बहुतेक वेळा फायलीतच राहते.

पुढं काय?

दौंड-सोलापूर मार्गाचं दुहेरीकरण आणि विद्युतीकरण झालं आहे. एकेरी मार्ग होता तेव्हा समोरून गाडी येणार म्हणून आपली गाडी मधल्या स्टेशनवर ताटकळत ठेवली जायची. ते आता कमी झालं. पण मार्ग मोकळा झाला की गाड्यांचा वेग वाढतो आणि वेग वाढला की लहान स्टेशनवर थांबायला रेल्वे नाखूश असते. मुख्य लाईनवरच्या केम, जेऊर, माढा या स्टेशनांना ही गोष्ट जास्त जाणवणार.

दुसरा बदल पूर्वेकडं होऊ घातला आहे. सोलापूर-तुळजापूर-धाराशिव हा सुमारे ८४ किलोमीटरचा नवा मार्ग मंजूर आहे. तो झाला की तुळजाभवानीचं गाव पहिल्यांदाच रेल्वेवर येईल आणि सोलापूरहून धाराशिव-लातूरला जायला कुर्डुवाडीचा वळसा घ्यावा लागणार नाही. तुळजापूरच्या भाविकांसाठी ती मोठी सोय आहे. कुर्डुवाडीसाठी मात्र तो १८५९ आणि २००८ सारखाच आणखी एक वळणबिंदू ठरू शकतो. आजवर या बाजूनं लातूरची वाट कुर्डुवाडीवरूनच होती. उद्या ती दोन ठिकाणांहून असेल. पुण्या-मुंबईकडून लातूरला जाणाऱ्या गाड्यांसाठी कुर्डुवाडीची वाट तेव्हाही जवळची राहील. सोलापूर आणि त्याच्या पुढून येणाऱ्या गाड्यांचं काय होईल, हे तेव्हाच्या वेळापत्रकावर ठरेल.

तोवर पंढरपूर, बार्शी, लातूर आणि मिरज या चारही दिशांच्या गाड्यांचं माहेर कुर्डुवाडीच आहे. माढा, करमाळा, परंडा, भूम आणि बार्शी तालुक्यांतल्या ग्रामपंचायतींनी, प्रवासी संघटनांनी आणि व्यापाऱ्यांनी आपापल्या भागाला लागणारे थांबे आणि जोडगाड्या यांची यादी आत्ताच करून ठेवली, तर नवं वेळापत्रक ठरताना ती कामाला येईल.